जाळ्यावरचा पाणकर : संगणकातील लायब्ररी फाइलींचा परिचय

आपल्या जिल्ह्यातील जुन्या मालगुजारी तलावांवर पाणकर असे. तलावाचे पाणी पाटाने खाली उतरू लागले की, ते कोणत्या बांधीत किती वेळ गेले, कुणाचे तोंड उघडे राहिले, कुठे पाट फुटला, हे पाहत तो काठाकाठाने फिरे. पाणी त्याचे नसे. पण त्याच्या नजरेतून एक ओंजळही सुटत नसे. गावाचा त्याच्यावर विश्वास असे, कारण त्याला गावाने नेमलेले असे. रात्रीच्या अंधारात कुणी परका माणूस कंदील घेऊन पाटावर फिरू लागला आणि ‘मीच पाणकर’ म्हणू लागला, तर गाव त्याला आधी थांबवील आणि तू कुणाचा, तुला कुणी पाठवले, असे विचारील.

संगणकाच्या बाबतीत मात्र हा प्रश्न विचारायचे आपण विसरतो. प्रस्तुत लेखाचा विषय तोच आहे.

या विषयावर लिहावेसे वाटले त्याला एक प्रसंग कारणीभूत झाला. आपल्या वसतिगृहात राहून शिकलेला आणि आता गावी सेवा केंद्र चालविणारा एक माजी विद्यार्थी आहे. एका सकाळी त्याचा फोन आला. “सर, मशीनवर विंडोज नव्याने टाकलं, तेव्हापासून ‘डब्ल्यूपीकॅप डॉट डीएलएल सापडत नाही’ असं येते. नेटवरून ती फाइल उतरवली आहे. टाकू का?”

“उतरवलीस कुठून?”

“नाव टाकून शोधलं, सर. पहिलंच पान उघडलं. फुकट आहे.”

मी त्याला एवढेच सांगितले की, फाइल उघडू नकोस, हलवू नकोस, आणि यंत्राची इंटरनेटची तार काढून ठेव. तो शहाणा मुलगा. त्याने तसे केले. पण त्याने विचारलेला प्रश्न जिल्ह्यातील कितीतरी कार्यालयांत, दुकानांत आणि घरांत विचारलाच जात नाही. फाइल सरळ टाकली जाते. म्हणून ती फाइल म्हणजे काय, हे जरा मुळापासून पाहू.

शाळेच्या ग्रंथालयात शब्दकोशाची एक प्रत असते. पाचवीचा विद्यार्थी तोच कोश पाहतो आणि दहावीचाही तोच पाहतो. प्रत्येकाने आपापल्या पेटीत स्वतंत्र कोश बाळगण्याची गरज नसते. संगणकातील लायब्ररी फाइल याच तत्त्वावर चालते. अक्षरे छापणे, चित्र दाखवणे, जाळ्यावर संदेश पाठवणे अशी अनेक सॉफ्टवेअरना लागणारी कामे एकदाच लिहून एका फाइलीत ठेवलेली असतात. ज्या सॉफ्टवेअरला ते काम हवे, ते चालू असतानाच त्या फाइलीला बोलावून घेते. विंडोजमध्ये अशा फाइलींच्या नावाचा शेवट ‘डीएलएल’ या अक्षरांनी होतो. त्याचा अर्थ, गरजेच्या वेळी जोडली जाणारी लायब्ररी. लिनक्समध्ये हेच काम ‘एसओ’ या शेवटाच्या फाइली करतात. अशी फाइल आपणहून चालत नाही. तिला कुणीतरी बोलवावे लागते. मात्र एकदा बोलावली की, बोलावणाऱ्या सॉफ्टवेअरला जेवढे अधिकार असतील तेवढे सगळे तिलाही मिळतात. ग्रंथालयाची उपमा येथे तोकडी पडते. शब्दकोश वाचकाच्या खिशात हात घालीत नाही; लायब्ररी फाइल घालू शकते.

आता जाळ्याकडे वळू. आपण पाठवलेले पत्र, चित्र, अर्ज इंटरनेटवरून एकसंध जात नाही. त्याचे लहान लहान तुकडे होतात. त्यांना पॅकेट म्हणतात. आपल्या कार्यालयांतील नेहमीच्या तारेवरून जाणाऱ्या एका पॅकेटमध्ये साधारणतः १५०० बाइटपर्यंत मजकूर मावतो. प्रत्येक पॅकेटच्या माथ्यावर कोणाकडून आले, कोणाकडे जायचे, हे दोन पत्ते असतात. शिवाय ते कोणत्या दारावर पोचवायचे, तो क्रमांकही असतो. संकेतस्थळाचे नाव विचारणारे पॅकेट ५३ क्रमांकाच्या दारावर जाते, बंदिस्त पानांचे ४४३ वर. संगणकाचे नेटवर्क कार्ड नेहमी आपल्या पत्त्यावरची पॅकेटेच वर पाठवते आणि ती ज्याच्या-त्याच्या सॉफ्टवेअरला मिळतात. जाळे पाहणाऱ्या साधनाला मात्र वेगळी सोय लागते. ज्याचे पॅकेट त्याला मिळावेच, पण त्याची एक प्रत आपल्याकडेही यावी, अशी ती सोय. कार्डाला तशी आज्ञा दिली तर दुसऱ्याच्या पत्त्यावरचे, पण तारेवरून समोर आलेले पॅकेटही ते उचलू शकते.

ही सोय प्रथम नीट बांधली ती अमेरिकेतील लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेत. व्हॅन जेकबसन, क्रेग लेरेस आणि स्टीव्हन मॅककॅन यांनी १९८०च्या दशकाच्या अखेरीस ‘टीसीपीडंप’ हे साधन तयार केले. त्यातील पॅकेट पकडण्याचा भाग पुढे वेगळा काढून त्यांनी ‘लिबपीकॅप’ ही लायब्ररी केली. त्यांच्यापुढची अडचण आपल्या पाणकराचीच होती. जाळ्यावरून क्षणाला हजारो पॅकेटे वाहतात; ती सगळीच वर आणून मग निवडत बसले तर संगणक थकून जातो. म्हणून मॅककॅन आणि जेकबसन यांनी निवडीची चाळणीच खाली, कार्यप्रणालीच्या गाभ्यात नेऊन बसवली. हवी ती पॅकेटे तेवढीच वर येतात, बाकीची तिथल्या तिथे सुटतात. त्यांचा या विषयावरील निबंध १९९२च्या डिसेंबरमधला आहे, आणि ती कल्पना आजही जगभरच्या यंत्रांत चालू आहे.

विंडोजवर हे काम इटलीतील तुरिन येथील तंत्रविद्यापीठाने आणले. त्याचे नाव ‘विनपीकॅप’. आपल्या माजी विद्यार्थ्याच्या पडद्यावर आलेली ‘डब्ल्यूपीकॅप डॉट डीएलएल’ ही त्यातीलच फाइल. तिच्या जोडीला ‘पॅकेट डॉट डीएलएल’ नावाची दुसरी फाइल असते आणि या दोघींच्या खाली कार्यप्रणालीच्या गाभ्यात बसणारा ‘एनपीएफ’ नावाचा ड्रायव्हर असतो. सॉफ्टवेअर पहिलीला सांगते, पहिली दुसरीला, दुसरी ड्रायव्हरला, आणि ड्रायव्हर कार्डाकडून प्रत घेतो. ही साखळी ध्यानात घेतली म्हणजे एक गोष्ट उघड होते. एकटी डीएलएल कुठूनतरी आणून फोल्डरमध्ये टाकली, तरी खालचा ड्रायव्हर नसेल तर काम सुरू होतच नाही. म्हणजे ‘हरवलेली फाइल फुकट मिळेल’ म्हणणारी संकेतस्थळे धोकादायक आहेत हे तर खरेच, पण या बाबतीत ती मुळात निरुपयोगीही आहेत. शिवाय विनपीकॅपची शेवटची आवृत्ती २०१३ साली निघाली. त्यानंतर ते काम थांबले. आज त्याची जागा ‘एनमॅप’ प्रकल्पाच्या ‘एनपीकॅप’ने घेतली आहे. जाळ्याचा अभ्यास करणारे जे ‘वायरशार्क’ नावाचे सॉफ्टवेअर अभियांत्रिकी महाविद्यालयांत शिकवले जाते, तेही विंडोजवर आता एनपीकॅपच वापरते. (वायरशार्क जेराल्ड कोम्ब्स यांनी १९९८ साली ‘इथरियल’ या नावाने प्रसिद्ध केले, नाव २००६ मध्ये बदलले. ते पूर्णतः मोफत आहे आणि त्याचा मूळ मजकूर कुणालाही वाचता येतो.)

एनपीकॅप बसवताना एक चौकट समोर येते. ही सोय फक्त यंत्राच्या व्यवस्थापकालाच द्यावी काय, असे ती विचारते. बहुतेक जण ती न वाचता पुढे जातात. ज्या यंत्रावर एकापेक्षा अधिक माणसे बसतात, तेथे या चौकटीत खूण करणे आवश्यक आहे. पाण्याचे तोंड उघडण्याची किल्ली वाटेवर टांगून ठेवू नये.

विंडोजच्या स्वतःच्याही काही लायब्ररी फाइली जाळ्याची माहिती देतात. ‘डब्ल्यूएस२_३२’ ही सॉफ्टवेअरला जाळ्याशी बोलू देणारी मुख्य फाइल आहे. ‘आयपीएचएलपीएपीआय’ ही कोणती जोडणी कुणाशी चालू आहे, कार्डाचा पत्ता काय, किती बाइट आले-गेले, ते सांगते. या फाइली पॅकेटच्या आत डोकावत नाहीत, तरी घरगुती देखरेखीसाठी त्या पुरेशा आहेत. विंडोजसोबत येणाऱ्या ‘रिसोर्स मॉनिटर’ या साधनात नेटवर्कचे पान उघडले तर कोणते सॉफ्टवेअर कोणत्या पत्त्याशी बोलते आहे, ते दिसते. ‘टास्कलिस्ट’ या आज्ञेला एम हा पर्याय जोडला तर कोणत्या चालू सॉफ्टवेअरने कोणत्या डीएलएल बोलावल्या आहेत, त्याची यादी मिळते. यासाठी काहीही विकत घ्यावे लागत नाही आणि काहीही उतरवावे लागत नाही. आपल्या संगणक कक्षात आठवीच्या मुली हे एका तासिकेत शिकतात. पहिल्यांदा यादी पाहिली की त्या दचकतात. एका साध्या ब्राउझरने शंभराच्या घरात फाइली बोलावलेल्या असतात.

येथे एक गमतीची गोष्ट सांगण्यासारखी आहे. चौसष्ट बिटांच्या विंडोजमध्ये चौसष्ट बिटांच्या फाइली ‘सिस्टिम ३२’ नावाच्या फोल्डरमध्ये असतात, आणि बत्तीस बिटांच्या ‘सिसवॉव ६४’ मध्ये. जुन्या सॉफ्टवेअरचे हाल होऊ नयेत म्हणून ही उलटी नावे तशीच ठेवली गेली. हाताने फाइल टाकणारा येथेच चुकतो. चूक झाली की यंत्र आणखी एक चूक दाखवते, आणि मग माणूस आणखी एक फाइल शोधायला निघतो.

चुकीची फाइल नेमकी काय करू शकते? एखादे सॉफ्टवेअर डीएलएल शोधते तेव्हा साधारणतः ते प्रथम स्वतःच्या फोल्डरमध्ये पाहते, नंतर विंडोजच्या. म्हणजे सॉफ्टवेअरशेजारी कुणी त्याच नावाची बनावट फाइल ठेवली, तर खरी फाइल जागेवर असूनही बनावट आधी उचलली जाते. जाळ्यावरील पॅकेटे पाहणाऱ्याला आज बहुधा बंदिस्त मजकूर दिसतो. तुम्ही कोणत्या बँकेच्या संकेतस्थळावर गेलात हे त्याला कळेल, पण पासवर्ड कळणार नाही, कारण तो गुप्त लिपीत गुंडाळून निघालेला असतो. मात्र सॉफ्टवेअरच्या आत शिरलेल्या डीएलएलपुढे हे कुंपण नसते. मजकूर गुंडाळला जाण्याच्या आधीच ती तेथे हजर असते. सेवा केंद्राच्या यंत्रावर बोटांचे ठसे घेतले जातात, सातबारा निघतो, धानाच्या नोंदणीसाठी शेतकऱ्यांची बँकखाती भरली जातात, विद्यार्थ्यांच्या शिष्यवृत्तीचे अर्ज आणि जातीचे दाखले जातात. ती सगळी माहिती गावाने विश्वासाने त्या एका खुर्चीपुढे ठेवलेली असते. म्हणून मी त्या सकाळी आधी तार काढायला सांगितली.

हे सगळे दूरचे वाटत असेल तर महाराष्ट्रातीलच एक घटना सांगतो. २७ जून २०१७ रोजी न्हावा शेवा येथील जवाहरलाल नेहरू बंदरातील एका कंटेनर टर्मिनलचे संगणक बंद पडले. ते टर्मिनल मर्स्क या डॅनिश उद्योगसमूहातील कंपनी चालवीत होती, आणि त्या दिवशी मर्स्कची यंत्रे जगभर बंद पडत होती. बंदरावर कोणता कंटेनर कुठे आहे, हे संगणकच सांगतो. तो बंद पडल्यावर काम हातांनी करण्याची वेळ आली. या हल्ल्याला ‘नॉटपेट्या’ असे नाव पडले. त्याचा उगम युक्रेनमध्ये होता. तेथे करभरणीसाठी वापरल्या जाणाऱ्या ‘एमईडॉक’ या सॉफ्टवेअरच्या अद्ययावत आवृत्तीत कुणीतरी गुपचूप बदल केला होता, आणि तो बदल एका डीएलएल फाइलीत होता. तिने आणलेला हल्लेखोर स्वतःही एक डीएलएलच होता; फक्त त्याला ‘पर्फसी डॉट डॅट’ असे नाव दिलेले होते. विंडोजमध्ये कामगिरी मोजणाऱ्या ज्या फाइली असतात, त्यांच्यापैकी एकीचे नाव जवळजवळ असेच आहे. परक्या माणसाने पाणकराची पगडी घातली होती. आत शिरल्यावर तो आसपासच्या जाळ्यावर कोणती यंत्रे दार उघडे ठेवून आहेत ते शोधी, चोरलेल्या पासवर्डाने त्यांत शिरे आणि सगळे पुसून टाकी. पुढच्या जानेवारीत मर्स्कच्या अध्यक्षांनी सांगितले की, त्यांना सुमारे ४,००० सर्व्हर आणि ४५,००० संगणक दहा दिवसांत पुन्हा उभारावे लागले. न्हावा शेव्याच्या माणसांनी कुठलीही संशयास्पद फाइल उघडली नव्हती. त्यांचे जाळे दूरच्या एका कार्यालयाशी जोडलेले होते, एवढेच.

दुसरी घटना तर आपल्या विषयाच्या मर्मावरच बोट ठेवते. टेक्सासमधील सोलरविंड्स या कंपनीचे ‘ओरायन’ हे मोठ्या संस्थांच्या जाळ्यावर देखरेख ठेवणारे सॉफ्टवेअर होते. म्हणजे व्यवसायानेच पाणकर. २०२० च्या मार्चपासून काही महिने त्याच्या अद्ययावत आवृत्त्यांतून एक बिघडवलेली डीएलएल ग्राहकांकडे गेली. सुमारे १८,००० ग्राहकांनी ती घेतली. त्यांत अमेरिकी सरकारची खातीही होती. ही फाइल कुठल्याही संशयास्पद पानावरून आलेली नव्हती. ती खुद्द कंपनीकडून आली, आणि तिच्यावर कंपनीची खरी डिजिटल सही होती. बसल्यावर ती जवळजवळ दोन आठवडे गप्प बसे. मग ओरायनच्या नेहमीच्या बोलण्यासारखेच दिसणारे संदेश हळूच बाहेर पाठवू लागे. देखरेख करणाऱ्यावरच कुणी देखरेख करीत नव्हते. ही चोरी डिसेंबर २०२० मध्ये फायरआय या सुरक्षा कंपनीमुळे उघड झाली, आणि तिचा धागा कसा मिळाला ते लक्षात ठेवण्यासारखे आहे. फायरआयच्याच एका कर्मचाऱ्याच्या नावावर एक नवा फोन नोंदवला गेला होता. तपासणीस बसलेल्या माणसाने तो तुमचा आहे काय, असे विचारले. उत्तर आले, नाही. तेथून उकलत उकलत ते त्या डीएलएलपर्यंत पोचले.

फाइलीवर उजव्या कळीने गुणधर्म उघडून डिजिटल सही पाहावी, असे मी विद्यार्थ्यांना नेहमी शिकवतो, आणि पुढेही शिकवीन. सही नसलेली फाइल दाराबाहेरच राहिली पाहिजे. पण सही आहे म्हणून चौकशी संपली, असे होत नाही. तथागतांनी केसपुत्त नगरीतील कालामांना जे सांगितले त्याचा आशय आपल्या मुलांना सकाळच्या वंदनेनंतर सांगितला जातो : परंपरेने आले म्हणून, ग्रंथात आहे म्हणून, सांगणारा आपला गुरू आहे म्हणून स्वीकारू नका, स्वतः पारखा. सोलरविंड्सचे प्रकरण वाचताना मला तो पाठ संगणकाच्या भाषेत पुन्हा वाचल्यासारखे वाटले. धम्माला ‘एहिपस्सिको’ म्हटले आहे. ये आणि पाहा. ज्या साधनाला ‘ये आणि पाहा’ म्हणण्याची तयारी नाही, ज्याचा निर्माता, मूळ ठिकाण आणि वागणूक तपासू दिली जात नाही, त्याला यंत्राच्या गाभ्यात जागा देऊ नये.

दुसरी बाजूही सांगायला हवी, कारण वसतिगृहात वाढणाऱ्या मुलांसमोर मोह याच बाजूने येतो. वायरशार्क आणि एनपीकॅप हातात आले की, शेजारच्या खोलीतील मुलगा कुठल्या पानावर गेला, हे पाहण्याची उत्सुकता होते. उत्सुकता वाईट नाही. त्याशिवाय कुणी अभियंता होत नाही. परंतु पंचशीलातील दुसरे शील जे दिलेले नाही ते घेऊ नये, असे सांगते, आणि दुसऱ्याचे पॅकेट हे न दिलेलेच असते. कायदाही तेच म्हणतो. माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ४३ नुसार मालकाच्या परवानगीशिवाय त्याच्या संगणकात किंवा जाळ्यात शिरणे, तेथून माहिती काढणे हे दायित्व आणणारे कृत्य आहे. तेच अप्रामाणिकपणे केल्यास कलम ६६ नुसार तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही होऊ शकते. आपल्या संगणक कक्षात म्हणूनच एक वेगळे लहान जाळे ठेवले आहे. त्याला बाहेरची तार नाही; त्यावरची पॅकेटे विद्यार्थ्यांनी स्वतःच तयार केलेली असतात, आणि ती कितीही उघडून पाहिली तरी कुणाचे काही जात नाही. पालकांनी घरी विचारल्यास मुलांनी ते तसेच सांगावे.

आपला तो माजी विद्यार्थी दुसऱ्या दिवशी ती फाइल पेनड्राइव्हवर घेऊन आला. आम्ही ती बाहेरच्या जाळ्याशी न जोडलेल्या एका जुन्या यंत्रावर पाहिली. नाव बरोबर होते. गुणधर्मांत निर्मात्याचे नाव नव्हते, सही नव्हती, आणि आकार मूळ फाइलीच्या आकाराशी जुळत नव्हता. ती चालवून पाहण्याचा उद्योग आम्ही केला नाही. मग मुळात ही फाइल मागत कोण होते, ते शोधले. इंटरनेटचा वापर मोजणारे एक जुने मोफत सॉफ्टवेअर कुणीतरी पूर्वी त्या यंत्रावर टाकले होते. विंडोज नव्याने टाकल्यावर विनपीकॅप गेले, पण ते सॉफ्टवेअर सोबतच्या फोल्डरमधून परत आणले गेले होते. त्याला त्याची काहीएक गरज नव्हती. विंडोजच्या सेटिंगमध्ये महिन्याचा वापर तसाही दिसतो. ते सॉफ्टवेअर काढून टाकल्याबरोबर संदेश येणे थांबले. त्याने केंद्रातील सर्व पासवर्ड बदलले, रोजच्या कामासाठी व्यवस्थापकाचे खाते न वापरता साधे खाते केले, आणि दुपारच्या गाडीने परत गेला. धानाच्या नोंदणीसाठी दारात माणसे थांबली होती.